बाबांची कानडी अंकलिपी



तुम्हाला कधी कुणी विचारलंय का, “तू नक्की कोण?” मला विचारलं होतं. तेव्हा मी सातवीत होते. साल होतं १९८४. शाळेत माहितीचा एक कागद भरून द्यायचा होता. नाव, पत्ता, वडिलांचा व्यवसाय हे सगळं झटपट लिहून झालं. पण ‘मातृभाषा’ या रकान्यापाशी माझं पेन अडलं. मातृभाषा म्हणजे आईची भाषा ना? माझ्या आईची भाषा कानडी. घरात आम्ही बोलायचो मराठी. आणि बाबा फार चिडले किंवा फार खुशीत आले की मालवणी! शेजारच्या मैत्रिणीनं माझ्या कागदात डोकावून पाहिलं आणि सहज विचारलं, “अगं, मग तू नक्की कोण?”

तिच्या मनात काहीच वाईट नव्हतं. पण मला एकदम कसंतरीच झालं. मी घाईघाईनं ‘मराठी’ असं लिहिलं आणि कागद पालथा घातला.

दुसऱ्या दिवशी पालकसभा होती. संध्याकाळी आई पोळ्या लाटत होती. मी तिला म्हटलं, “आई, उद्या शाळेत येताना कपाळाला विभूती लावू नकोस. आणि माझ्याशी कानडीत बोलू नकोस हं, सगळ्या बघतात.”

आईचं लाटणं क्षणभर थांबलं. मग ती नुसतं “बरं” म्हणाली आणि पुढची पोळी लाटायला लागली. दुसऱ्या दिवशी ती आली. कपाळावर रोजचे विभूतीचे पट्टे नव्हते, नुसतं कुंकू होतं. सभा संपेपर्यंत ती माझ्याशी अगदी शुद्ध मराठीत बोलली. मला हवं होतं तसंच सगळं झालं, तरी त्या रात्री मला नीट झोप लागली नाही.

आता माझ्या आईबाबांविषयी सांगते, म्हणजे पुढची गोष्ट तुम्हाला कळेल.

आई सोलापूर जिल्ह्यातल्या अक्कलकोट तालुक्यातली. तो भाग कर्नाटकाला लागून. तिथं पुष्कळ घरांत मराठी आणि कानडी अशा दोन्ही भाषा नांदतात. तिचं घर लिंगायत. गळ्यात इष्टलिंग, सकाळी ते डाव्या तळहातावर घेऊन पूजा, कपाळाला विभूती. जेवणात ज्वारीची भाकरी, शेंगाचटणी, सणाला गव्हाची हुग्गी. अंडंसुद्धा घरात यायचं नाही.

आणि बाबा मालवणजवळच्या एका किनाऱ्यावरच्या गावचे, मासेमारी करणाऱ्या गाबीत कुटुंबातले. सगळं घर समुद्रावर जगणारं. ताटात मासा नसेल तर त्यांचे आजोबा विचारायचे, “आज कसलो उपास?” आईच्या गावी पाऊस मोजूनमापून पडायचा, तर बाबांच्या गावी थांबता थांबायचा नाही. दोघांच्या गावांत सारखं असं काही शोधून सापडलं नसतं.

दोघंही नोकरीसाठी मुंबईला आले. आई टेलिफोन ऑपरेटर झाली आणि बाबा गिरगावातल्या एका छापखान्यात जुळारी. जुळारी म्हणजे कंपोझिटर. त्या काळी शिशाची एकेक अक्षरं, म्हणजे खिळे, हातानं उचलून ओळी जुळवाव्या लागत. खिळ्यावरचं अक्षर उलटं असतं, आरशात दिसतं तसं. बाबा ती उलटी अक्षरं वर्तमानपत्रासारखी भराभर वाचायचे. आईच्या कार्यालयाचा वार्षिक अंक त्यांच्याच छापखान्यात छापायला आला होता. त्यात आईचा एक लेख होता. एका वेलांटीच्या चुकीनं त्यातल्या वाक्याचा पार अनर्थ झाला! आई तावातावानं भांडायला छापखान्यात गेली. बाबांनी तिचं सगळं ऐकून घेतलं, कान पकडले आणि तिच्यासमोर तो खिळा बदलून दाखवला. “अशी ओळख झाली आमची,” असं सांगताना आई अजूनही हसते.

१९७१ साली त्यांनी लग्न केलं. आपल्या देशात १९५४ सालापासून ‘विशेष विवाह कायदा’ आहे. मुलगा २१ वर्षांचा आणि मुलगी १८ वर्षांची पूर्ण असेल, तर धर्म किंवा जात कोणतीही असली तरी त्यांना या कायद्यानं लग्न करता येतं. आधी नोटीस द्यायची, ३० दिवस थांबायचं आणि मग अधिकाऱ्यासमोर ३ साक्षीदारांच्या सह्या. आईबाबांचे साक्षीदार होते छापखान्यातले फोरमनकाका, आईची एक मैत्रीण आणि चाळीतल्या एक मावशी. आईच्या माहेरचं कुणीही आलं नाही. माझ्या अज्जांनी, म्हणजे आईच्या वडिलांनी, एवढाच निरोप धाडला की आता इकडे येऊ नकोस.

मालवणच्या आजीला आधी हे पटलं होतं असं नाही. पण आई पहिल्यांदा तिकडे गेली तेव्हा आजीनं एक कोरा टोप काढून ठेवला होता. त्यात तिनं काळ्या वाटाण्याची उसळ केली होती. “ह्या टोपात कधी मासो शिजूक नाय. बस गो बाय, तुका भूक लागली असतली,” असं म्हणून तिनं आईला वाढलं. त्या टोपाला आमच्या घरात पुढे कायम ‘आईचा टोप’ असंच म्हणायचे.

मुलांनो, सिनेमात लग्न झालं की गोष्ट संपते. खऱ्या घरात ती तिथून सुरू होते!

आमची एक खोली आणि स्वयंपाकघर. सुरुवातीलाच दोघांनी ठरवलं होतं की आईनं मासे खायचे नाहीत आणि बाबांनी सोडायचे नाहीत. दर रविवारी बाबा गॅलरीत रॉकेलचा स्टोव्ह मांडून स्वतः बांगड्याचं तिखलं करायचे. त्यांची भांडी वेगळ्या फळीवर. घासायचेही तेच. एका पावसाळ्यात गॅलरीत झड यायला लागली, म्हणून आईला न विचारता त्यांनी स्टोव्ह स्वयंपाकघरात आणला. आई दोन दिवस त्यांच्याशी बोलली नाही. बाबाही घुम्यासारखे बसून राहिले. मी दोघांच्या मध्ये निरोप्या! “आईला सांग, मीठ दे.” “बाबांना सांग, समोरच आहे.” तिसऱ्या दिवशी बाबांनी कुठून तरी ताडपत्री आणली आणि गॅलरीला बांधली. आईनं खालून दोरी धरली. तेवढ्यानंच भांडण मिटलं.

आणखी एक गंमत सांगते. बाबांची पाळी बदलली आणि रविवारीही सकाळी कामावर जावं लागायला लागलं. मग बाजारात कोण जाणार? आई जायला लागली! जिनं जन्मात मासा खाल्ला नव्हता ती पदराचं टोक नाकाला लावून कोळणीच्या पाटीसमोर उभी राहायची. पहिल्याच वेळी तिनं शिळे बांगडे आणले. बाबा काही न बोलता जेवले. पण आईनं त्यांच्या तोंडाकडे पाहिलं होतं. पुढच्या रविवारी तिनं कोळणीलाच विचारून घेतलं. कल्ले लालभडक हवेत, डोळे स्वच्छ हवेत, बोटानं दाबलं तर मांस घट्ट लागायला हवं. पुढे पुढे चाळीतल्या बायका मासे आणले की आईला दाखवायला यायच्या. “वहिनी, बघा हो जरा, ताजा आहे का?” आणि माझी शाकाहारी आई कल्ला उचलून निकाल द्यायची.

पण एका गोष्टीत बाबांना काहीच करता येत नव्हतं. माझा मामा, आईचा धाकटा भाऊ, तिला चोरून पत्रं लिहायचा. पत्रं कानडीत असायची. आई ती खिडकीपाशी बसून एकटीच वाचायची, कधी हसायची, कधी डोळे पुसायची आणि घडी करून डब्यात ठेवायची. बाबा तेव्हा उगाचच वर्तमानपत्र उलटसुलट करत बसायचे.

पालकसभेची ती गोष्ट झाल्यावर काही महिन्यांनी, १९८५ च्या फेब्रुवारीत, आईच्या एका डोळ्यासमोर अचानक काळी सावली आली. तिला लहानपणापासून जाड भिंगांचा चष्मा. डॉक्टर म्हणाले, डोळ्याचा पडदा सरकलाय, ताबडतोब शस्त्रक्रिया करायला हवी. शस्त्रक्रिया झाली. त्या काळच्या पद्धतीप्रमाणे तिच्या दोन्ही डोळ्यांवर पट्टी बांधली आणि तिला निजवून ठेवलं. डोकंसुद्धा हलवायचं नाही अशी ताकीद. दृष्टी परत येईल की नाही हे पट्टी सुटल्यावरच कळणार होतं. आई शांत असायची, पण तिचा हात सारखा चादर चाचपत असायचा.

त्या आठवड्यात मामाचं पत्र आलं. मी ते शाळेतून येताना खालच्या पेटीतून काढलं आणि तसंच रुग्णालयात घेऊन गेले. “आई, मामाचं पत्र आलंय,” असं मी बोलून गेले आणि लगेच जीभ चावली. आता वाचणार कोण? आईनं हात पुढे केला, पत्र बोटांनी चाचपलं आणि छातीवर ठेवलं. “राहू दे. पट्टी सुटल्यावर वाचीन,” ती म्हणाली. नाहीच दिसलं तर, हे ती बोलली नाही. पण आम्हा तिघांनाही ते ऐकू आलं.

बाबा स्टुलावर बसले होते. त्यांनी घसा खाकरला. “मी वाचू?” ते म्हणाले.

मला वाटलं, बाबा चेष्टा करताहेत. पण त्यांनी पत्र उघडलं, खिडकीकडे धरलं आणि बोट ठेवून एकेक अक्षर वाचायला लागले. पहिलीतलं मूल वाचतं तसं, अडखळत, मध्येच मागे जाऊन. पण कानडीत! ज्वारीची कणसं यंदा बरी भरलीत. गाईला कालवड झालीय. अव्वा शेंगाचटणी पाठवतेय. काही शब्दांचा अर्थ त्यांना कळत नव्हता. ते नुसते अक्षरं वाचायचे आणि आई अर्थ सांगायची. मामाचं अक्षर तिरपं, त्यामुळे एके ठिकाणी गाडी फारच अडली. शेवटची ओळ वाचून झाल्यावर मात्र बाबा गप्प झाले. त्या ओळीचा अर्थ त्यांना कळला होता. मामानं लिहिलं होतं, ‘अप्पा विचारतात, डोळा कसा आहे.’

चौदा वर्षांत अज्जांनी पहिल्यांदा काही विचारलं होतं.

पट्टीखालून आईच्या गालावर पाणी आलं. बाबा घाबरून म्हणाले, “रडू नकोस गं, डॉक्टरांनी सांगितलंय ना!” मग आईनं विचारलं, “तुम्ही हे कधी शिकलात?”

बाबांनी शबनममधून एक चुरगळलेली अंकलिपी काढली, आपण पहिलीत वापरतो तसली, पण कानडी. माटुंग्याच्या एका दुकानातून दोन वर्षांपूर्वी आणलेली. कामावर जाता-येता लोकलमध्ये ते ती वाचायचे. “सोपी आहे गं,” ते म्हणाले. “आपल्यासारखीच अ-आ-इ-ई, क-ख-ग-घ. फक्त ‘ए’ दोन आहेत आणि ‘ओ’ पण दोन, एक आखूड आणि एक लांब. तिथं घोटाळा होतो.” मग जरा थांबून म्हणाले, “तुझं एकही पत्र मी उघडलं नाही हं. पण वाटायचं, कधी तुला कुणाला दाखवावंसं वाटलं, तर घरात एक तरी माणूस असावं.”

मी बाहेर जाऊन व्हरांड्यात उभी राहिले. मला पालकसभेचा दिवस आठवत होता. बाबा आईची भाषा लोकलच्या गर्दीत उभं राहून शिकत होते, आणि तिच्याच पोटची मी तिला म्हणत होते, ‘ती भाषा बोलू नकोस.’

आईची पट्टी सुटली. त्या डोळ्याला पूर्वीइतकं नाही, पण दिसायला लागलं. घरी आल्यावर काही दिवस तिला खाली वाकायची मनाई होती आणि आरशातही धूसर दिसायचं. पहिल्या दिवशी सकाळी मी विभूतीची डबी घेतली आणि तीन बोटांनी तिच्या कपाळावर पट्टे ओढले. ते वाकडे आले. “आई, माझं चुकलं,” मी म्हटलं. ती म्हणाली, “अगं, जमेल उद्या.” मी कशाबद्दल बोलत होते ते तिला पक्कं ठाऊक होतं.

त्याच मे महिन्यात आम्ही तिघं पहिल्यांदा आईच्या गावी गेलो. अज्जीनं मला पोटाशी धरलं. अज्जा ओसरीवर बसले होते. आईला म्हणाले, “आलीस?” बाबांशी मात्र दोन दिवस एक अक्षर नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी कानडी वर्तमानपत्र बाबांच्या पुढ्यात टाकलं आणि म्हणाले, “वाचा.” बाबा वाचायला लागले. एका शब्दावर अज्जांनी त्यांना थांबवलं. “मने. मनेऽऽ नाही. आखूड आहे ते. मने म्हणजे घर. घर इतकं लांबवायचं नसतं.” बाबांनी दुरुस्त करून पुन्हा वाचलं. मग रोज सकाळी हा तास व्हायला लागला. दोघांनी एकमेकांना मिठीबिठी काही मारली नाही. पण चौथ्या दिवशी अज्जा जेवायला बसताना म्हणाले, “त्यांनाही बोलवा.”

ओसरीवर बसवण्णांची तसबीर होती. बसवजयंती नुकतीच होऊन गेली होती, हार अजून वाळत होता. एका संध्याकाळी अज्जांनी मला बसवण्णांची गोष्ट सांगितली. बसवण्णा बाराव्या शतकातले. कल्याण नगरीत बिज्जळ राजाच्या दरबारी ते मोठ्या पदावर होते. हे कल्याण म्हणजे मुंबईजवळचं नव्हे बरं का, बिदर जिल्ह्यातलं आजचं बसवकल्याण! शिवभक्तांमध्ये उच्चनीच काही नाही, अशी त्यांची शिकवण. त्यांच्या अनुयायांत हरळय्या नावाचे चर्मकार होते आणि मधुवरस नावाचे ब्राह्मण. हरळय्यांच्या मुलाचं मधुवरसांच्या मुलीशी लग्न झालं. सनातनी लोक खवळले आणि राजानं त्या दोघा वडिलांना देहदंड दिला, असं लिंगायत परंपरा सांगते. पुढे १९९० साली गिरीश कार्नाड यांनी याच विषयावर ‘तलेदंड’ नावाचं कानडी नाटक लिहिलं.

गोष्ट संपली. मी अज्जांना विचारलं, “अज्जा, मग तुम्ही आईच्या लग्नाला का आला नाहीत?”

आई दारात उभी होती. तिनं मला डोळ्यांनी दटावलं. अज्जा बराच वेळ गप्प बसले. मग तसबिरीकडे बघत म्हणाले, “गोष्ट सांगणं सोपं असतं, बाळ.” एवढंच. पण दुसऱ्या दिवशी निघताना त्यांनी बाबांच्या हातात ज्वारीची पिशवी दिली, आणि बस सुटेपर्यंत ते फाट्यावर उभे होते.

मोठेपणी मी सावित्रीबाई फुले यांचं एक पत्र वाचलं. १८६८ च्या ऑगस्टमध्ये त्यांनी ते नायगावहून जोतीरावांना लिहिलं होतं. गणेश नावाचा एक ब्राह्मण तरुण आणि सारजा नावाची महार समाजातली मुलगी यांचं प्रेम जमलं होतं. गावकरी त्या दोघांना मारायला निघाले, तेव्हा सावित्रीबाई मध्ये पडल्या, कायद्याची भीती घातली आणि दोघांचे जीव वाचवले. पत्र वाचून मला अज्जांची आठवण झाली. शतकं उलटतात, पण हा प्रश्न प्रत्येक घराला नव्यानं सोडवावा लागतो. २०१८ साली सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट सांगितलं की, दोन सज्ञान माणसांनी एकमेकांची निवड केली तर त्याला कुटुंबाची किंवा समाजाची संमती लागत नाही. तरी अशा जोडप्यांना त्रास दिल्याच्या, मारून टाकल्याच्याही बातम्या आपण अजून वाचतो. कायदा लग्न लावून देतो आणि संरक्षणही देतो. पण ताडपत्रीची दोरी धरायची ती दोघांनीच, आणि ‘त्यांनाही बोलवा’ हे म्हणायचं ते घरच्यांनीच.

खिळ्यांचे छापखाने पुढे बंद झाले. बाबा कधीच निवृत्त झाले. आता त्यांना कमी ऐकू येतं आणि आईला कमी दिसतं. रात्री बाबा विचारतात, “ऊटा आयता?” म्हणजे जेवण झालं का? आणि आई मोठ्यानं मालवणीत उत्तर देते, “जेवलंय!” मी ऐकत असते. कानडी बाबांकडून आणि मालवणी आईकडून, अशी आमच्या घराची उलटी रीत. खिळ्यावरच्या अक्षरासारखी.

तुमचे आईबाबा कदाचित एकाच गावचे असतील, एकाच भाषेचे. तरी दोघं दोन घरांतून आलेले असतात. कुणाच्या आमटीत गूळ पडायचा, कुणाच्या नाही. कुणाकडे रात्री लवकर निजानीज, कुणाकडे गप्पांचा फड. तेव्हा आज जेवताना त्यांना एक प्रश्न विचारा. “बाबा, तुम्ही आईसाठी काय शिकलात? आई, तू बाबांसाठी काय शिकलीस?” आधी ते हसतील. मग आठवून आठवून सांगतील. नीट ऐका हं.

आणि तुमच्या वर्गात एखादी मुलगी ‘मातृभाषा’ या रकान्यापाशी अडली, तर तिला “तू नक्की कोण?” असं विचारू नका. “तुझ्या घरी किती भाषा बोलतात गं? मला एक शब्द शिकव ना,” असं विचारा. मला सातवीत कुणी असं विचारलं असतं, तर मी ‘मने’ हा शब्द शिकवला असता. आखूड ‘ए’. मने म्हणजे घर.